चोवीस सप्टेंबर : हा मुहूर्त कोणी काढला?

आमच्या बहुतेक वाचकांच्या घरी भिंतीवर खिळ्याला एक कॅलेंडर टांगलेले असते. दुधाचा हिशेब त्यावर, गॅसची टाकी कोणत्या तारखेस लावली ते त्यावर, पोराच्या परीक्षेची तारीख त्यावर. आणि संकष्टी, अमावास्या, राहूकाल हेही त्यावरच. घरात कोणतेही कार्य निघो, बोअर घ्यावयाची असो, सोयरीक जुळवावयाची असो की नवा ट्रॅक्टर आणावयाचा असो, पहिली नजर त्या पानाकडे जाते आणि तोंडून पहिला प्रश्न निघतो तो हा : "दिवस कसा आहे?" आज आम्ही वाचकांस त्याच कॅलेंडरापुढे उभे करणार आहो. सप्टेंबरचे पान काढा आणि चोवीस तारखेच्या चौकोनावर बोट ठेवा. त्या चौकोनात काय छापले आहे ते तुम्हांस दिसतेच आहे. त्यात जे छापलेले नाही, ते आम्ही सांगतो.

२४ सप्टेंबर १८७३, बुधवार. पुणे शहरी जोतीराव फुले यांनी साठेक माणसे जमवून सत्यशोधक समाजाची स्थापना केली.

२४ सप्टेंबर १९३२, शनिवार. त्याच पुण्यात, नदीपलीकडे येरवड्यास, महात्मा गांधींच्या उपोषणाच्या पाचव्या दिवशी पुणे करारावर सह्या झाल्या. एका बाजूने डॉ. बाबासाहेब आंबेडकर प्रभृतींनी आणि दुसऱ्या बाजूने पंडित मदनमोहन मालवीय प्रभृतींनी त्या केल्या.

२४ सप्टेंबर १९८२, शुक्रवार. त्या कराराला पन्नास वर्षे झाली तो दिवस साधून कांशीराम यांनी 'चमचा युग' हे पुस्तक प्रसिद्ध केले.

२४ सप्टेंबर २०१४, बुधवार. सकाळी आठच्या सुमारास भारताचे मंगळयान मंगळाच्या कक्षेत शिरल्याची खात्रीची वार्ता पृथ्वीवर पोहोचली.

चार साले, एक तारीख. आता ज्यांचा पंचांगावर भरवसा आहे त्यांच्या समाधानासाठी आम्ही पंचांगही उघडून पाहिले. १८७३ सालचा तो दिवस आश्विनातल्या नवरात्रात पडतो. त्याविषयी जोशीबुवांची तक्रार नसावी. पण १९३२ सालचा चोवीस सप्टेंबर ऐन पितृपंधरवड्यात होता. १९८२ साली त्या दिवशी अधिक आश्विन चालू होता, म्हणजे ज्याला मलमास म्हणून शुभकार्यातून बाद करतात तो महिना. आणि २०१४ साली? भाद्रपद अमावास्या! ज्या तिथीला आमचा शेतकरी नवी चप्पलसुद्धा विकत घेत नाही, त्या तिथीच्या सकाळी या देशाचे यान कोट्यवधी कोसांवरच्या ग्रहाभोवती पहिल्याच प्रयत्नात फिरू लागले. ज्या राष्ट्रांनी स्वतःच्या बळावर मंगळ गाठण्याचा यत्न केला, त्यांपैकी पहिल्याच खेपेस एकट्याने यश मिळविणारे २०१४ सालापर्यंत दुसरे राष्ट्र नव्हते. अमावास्येने त्यात काय मोडता घातला, ते पितृपंधरवड्याचे भय घालणारांनी सांगावे.

परंतु येथे आम्हांस आमच्याच माणसांना एक इशारा द्यावयाचा आहे. कित्येक उत्साही मंडळी लगेच म्हणू लागतील की, पाहा, चोवीस सप्टेंबर ही बहुजनांची केवढी पवित्र तारीख! हे म्हणणे आम्हांस मान्य नाही. वर्षाचे चौकोन अवघे तीनशे पासष्ट, चार वर्षांनी एक अधिक. आणि जगाच्या घडामोडी तर अगणित. कोणत्याही चौकोनावर बोट ठेवा, शंभर-दोनशे वर्षांत तेथे दहा-वीस मोठ्या गोष्टी घडलेल्या सापडतील. त्यांत चांगल्याही असतील आणि दुष्टही. तारखा जुळल्या म्हणजे आकाशातून कोणी तरी काही सुचवीत आहे असे मानणे, हे जोशाच्याच पोथीतले शास्त्र आहे. फक्त देव बदलले आणि पोथी तीच ठेवली, तर सत्यशोधन ते कसले?

मग या चार गोष्टी एका ठिकाणी मांडण्यात हशील काय? हशील हे की, एकच दिवस तीन निरनिराळ्या रीतींनी मोठा कसा होतो, ते येथे स्वच्छ दिसते. १८७३ आणि १९३२ यांचा मेळ हा निव्वळ योगायोग आहे. येरवड्यास जमलेल्यांनी सत्यशोधक समाजाचा वाढदिवस पाहून सह्या केल्या नाहीत, तर उपवास करणाराचा जीव जाऊ नये म्हणून घाईघाईने केल्या. १९८२ चा मेळ योगायोग नव्हे. तो माणसाने जाणूनबुजून योजलेला आहे. आणि २०१४ चा दिवस ना योगायोगाने आला ना कोणाच्या इच्छेने. तो गणिताने आला. योगायोग, योजना आणि गणित. दिवस ठरण्याच्या या तीन वाटा आहेत. चौथी वाट, जिला मुहूर्त म्हणतात, ती या चारांपैकी एकाही घटनेत कोठे आढळत नाही. हे ध्यानात ठेवून आता एकेक साल पाहू.

जोतीरावांच्या डोळ्यांपुढे जो शेतकरी होता तो जन्मापूर्वीपासून मरणानंतरपर्यंत पंचांगाच्या खुंटीला बांधलेला होता. १८५५ साली, म्हणजे समाजाच्या स्थापनेच्या अठरा वर्षे आधी, त्यांनी 'तृतीय रत्न' नावाचे नाटक लिहिले. त्यातला जोशी एका गरोदर कुणबिणीला ग्रहांची भीती घालतो आणि तिच्या नवऱ्याकडून पैसा उकळतो. एवढ्यावरच ते सारे नाटक उभे आहे. दक्षिणा प्राइज कमिटीने ते नाकारले, याचे नवल वाटण्याचे कारण नाही. पुढे १८८३ च्या 'शेतकऱ्याचा असूड' मध्ये त्यांनी बारसे, लग्न, घरभरणी, तेरावा अशा प्रत्येक वळणावर शेतकऱ्याची गाठ कशी सोडविली जाते याचा हिशेबच मांडला. सत्यशोधक समाजाचे पहिले म्हणणे एवढेच होते की देव आणि माणूस यांच्यामध्ये दलाल नको. म्हणणे साधे होते. पण दलालाचे पोट त्यावर असल्यामुळे ते त्याला तिखट लागले.

त्याच वर्षीच्या २५ डिसेंबरला पहिला सत्यशोधक विवाह झाला. भटजी नाही, मुहूर्ताची घटका नाही. वधूवरांनी सर्वांसमक्ष एकमेकांस वचने द्यावयाची आणि संसारास लागावयाचे. पुढे जुन्नर तालुक्यातील ओतूर गावी अशी लग्ने लागली तेव्हा गावच्या जोशांनी कोर्टात धाव घेतली आणि तंटा मुंबईच्या हायकोर्टापर्यंत गेला. तंटा कशाचा? आम्हांस न बोलावता लग्न लावले, तरी आमची दक्षिणा द्या, याचा! न केलेल्या कामाची मजुरी मागणारा धंदा जगात दुसरा कोणता असेल तर तो वाचकांनी आम्हांस कळवावा. गावजोशाचा हा हक्क कायद्याने मोडावयास मुंबई इलाख्यात १९२६ साल उजाडले. म्हणजे समाज स्थापल्यापासून त्रेपन्न वर्षे आमचा शेतकरी स्वतःच्या पोरीचे लग्न स्वतः लावण्यासाठी झगडत होता. आजच्या पिढीला हे ठाऊक आहे काय? विवाह कायदेशीर ठरण्यास आज मुहूर्त लागत नाही, पत्रिका लागत नाही. जे मिळविण्यास आजोबा कोर्टाच्या पायऱ्या चढले, ते नातवाने मांडवात आपण होऊन परत नेऊन दिले, हे आम्ही पुढे दाखविणारच आहो.

आता १९३२. त्या वर्षी ऑगस्टमध्ये ब्रिटिश प्रधानमंत्री मॅक्डोनल्ड यांनी जो निवाडा दिला, त्यात अस्पृश्य वर्गास प्रांतिक कायदेमंडळांत ७१ जागा आणि स्वतंत्र मतदारसंघ मिळाला होता. शिवाय सर्वसाधारण मतदारसंघातही त्यांचे दुसरे मत राहणार होते. गांधीजींनी येरवड्याच्या तुरुंगात २० सप्टेंबरपासून प्राणांतिक उपोषण मांडले. चोवीस तारखेस तडजोड झाली. जागा ७१ च्या १४८ झाल्या. मध्यवर्ती कायदेमंडळात सर्वसाधारण जागांपैकी शेकडा १८ ठरल्या. नोकऱ्या आणि स्थानिक संस्था यांत जन्मावरून आडकाठी राहू नये आणि प्रत्येक प्रांताने शिक्षणासाठी पुरेशी रक्कम वेगळी काढावी, असेही लिहिले गेले. पण स्वतंत्र मतदारसंघ गेला आणि त्याबरोबर ते दुसरे मतही गेले. दुसऱ्याच दिवशी मुंबईस सवर्ण हिंदूंच्या परिषदेने ठराव केला की यापुढे हिंदूंत कोणालाही जन्मावरून अस्पृश्य मानू नये; सार्वजनिक विहिरी, शाळा, रस्ते सर्वांस सारखे. २६ तारखेस सरकारने करार मान्य केला आणि उपोषण सुटले.

या कराराने कोणी काय कमावले आणि कोणी काय गमावले, यावर नव्वद वर्षे वाद चालला आहे. बाबासाहेबांनी स्वतः पुढे त्यावर कडक टीका केली. तो सगळा वाद आम्ही आज उकरीत नाही. आम्ही फक्त आमच्या, म्हणजे ब्राह्मणेतर म्हणविणाऱ्या आणि अस्पृश्य नसलेल्या बहुजनांच्या, अंगावर काय आले तेवढे विचारतो. करारात दोन बाजू होत्या. एका बाजूने आपले दोन हक्क सोडले. दुसऱ्या बाजूने वचने दिली. हक्क सोडणाराने ते त्याच संध्याकाळी सोडले. वचने देणाराने ती कधी पाळली?

आम्ही भिक्षुकशाहीवर उठल्याबसल्या कोरडे ओढतो, आणि ते योग्यच आहे. परंतु खेड्यातल्या विहिरीच्या काठावर अस्पृश्याची घागर अडविणारा हात दरवेळी भटजीचाच होता काय? नाही. पुष्कळदा तो आमच्याच पाटलाचा होता, आमच्याच माळ्याचा होता, आमच्याच कुणब्याचा होता. जोतीरावांनी १८६८ साली आपल्या घरचा पाण्याचा हौद अस्पृश्यांस मोकळा केला. मुंबईच्या परिषदेने १९३२ साली जो ठराव केला, तो त्या माळ्याने चौसष्ट वर्षे आधी, कोणी उपोषणास बसले नसता, स्वतःच्या अंगणात अमलात आणला होता. त्याचे नाव घेणाऱ्या आमच्या किती गावांनी त्याचे अनुकरण केले? अस्पृश्यता राज्यघटनेने १९५० साली नष्ट केली आणि १९५५ साली ती पाळणे कायद्याने गुन्हा ठरले. तरी स्मशानभूमी निराळी, वस्ती गावाबाहेर आणि दुसऱ्या जातीत लग्न केलेल्या पोरापोरींच्या मागे कुऱ्हाडी, हे आजही कोठे कोठे घडतेच आहे. करारावर आमची सही नव्हती, असे कोणी म्हणेल. सही नसेल, पण संयुक्त मतदारसंघाचा लाभ आम्ही आजतागायत घेत आहो. जो लाभ घेतो तो कर्जातही भागीदार असतो.

हा लाभ कसला, ते १९८२ सालच्या पुस्तकाने सांगितले. आजच्या लोकसभेत ५४३ पैकी ८४ जागा अनुसूचित जातींसाठी राखीव आहेत आणि घटनेच्या १०४ व्या दुरुस्तीने ही तरतूद २०३० सालापर्यंत वाढविलेली आहे. उमेदवार त्या समाजाचा असावा लागतो. पण त्याला निवडून देणारे मतदार बहुसंख्येने इतर समाजांचे असतात. कांशीराम यांचे म्हणणे असे की, ज्याला दुसऱ्यांच्या मतांवर निवडून यावयाचे तो आपल्या माणसांचे दुःख मोठ्याने बोलणार नाही. जो मोठ्याने बोलेल त्याला तिकीट मिळणार नाही. आणि अशा रीतीने पुढाऱ्यांऐवजी हाताने हलविले तसे हलणारे चमचे तयार होतील. हे म्हणणे सर्वांना सर्वस्वी पटेल असे नाही. राखीव जागांवरून निवडून येऊन निर्भयपणे बोललेलेही लोक झाले आहेत. पण आमच्या वाचकांपैकी जे राखीव मतदारसंघात राहतात त्यांनी छातीवर हात ठेवून सांगावे : मागच्या निवडणुकीत तुम्ही मत दिले ते बोलणाराला, की गप्प बसणाराला? चमचा हा आपोआप होत नाही. तो धरणारा हात लागतो; आणि तो हात मतदाराचा असतो.

कांशीराम यांची गोष्ट तारखांच्या या प्रकरणात आणखी एका कारणाने सांगण्याजोगी आहे. हा पंजाबचा माणूस पुण्यास संरक्षण खात्याच्या एका प्रयोगशाळेत नोकरीला होता. १९६० नंतरच्या दशकात तेथे बुद्धजयंती आणि आंबेडकर जयंती या दोन सुट्या रद्द झाल्या. दीनाभाना नावाच्या चतुर्थ श्रेणीतल्या एका कामगाराने त्याविरुद्ध तक्रार केली; त्याला निलंबित केले गेले. त्याच्या बाजूने जे उभे राहिले त्यांत डी. के. खापर्डे आणि कांशीराम हे होते. कॅलेंडरातल्या दोन चौकोनांसाठी तो झगडा झाला आणि त्यातून एका नोकरदाराचा चळवळ्या बनला. पुढे त्या माणसाने तारखा कशा वापरल्या ते पाहा : बामसेफ ६ डिसेंबर १९७८ ला, डीएसफोर ६ डिसेंबर १९८१ ला, बहुजन समाज पक्ष १४ एप्रिल १९८४ ला, आणि पुस्तक २४ सप्टेंबरला. महापरिनिर्वाणाचा दिवस, जयंतीचा दिवस, कराराचा दिवस. त्याचे राजकारण कोणास आवडो वा न आवडो; पण मुहूर्त म्हणून त्याने ग्रह पाहिले नाहीत, इतिहास पाहिला. तारीख म्हणजे पदराला मारलेली गाठ आहे, हे त्याला कळले होते. गाठीत दैवी गुण काही नसतो. पण बाजारात गेल्यावर ती हाताला लागते आणि काय आणावयाचे ते आठवते.

राहिले २०१४. पृथ्वीवरून मंगळाकडे जाण्याची सोयीची वेळ सुमारे सव्वीस महिन्यांनी एकदा येते. कारण दोघेही सूर्याभोवती निरनिराळ्या गतीने फिरतात आणि योग्य कोनात आले म्हणजेच थोड्या इंधनात प्रवास होतो. येथे ग्रह पाहावे लागतात खरे, परंतु ते पंचांगकर्त्याला भ्यावयाचे म्हणून नव्हे, तर इंधन वाचवावयाचे म्हणून. ५ नोव्हेंबर २०१३ रोजी श्रीहरिकोट्याहून यान उडाले. सुमारे ४५० कोटी रुपयांत ही सारी मोहीम बसविली होती. डिसेंबरच्या पहिल्या तारखेस यानाने पृथ्वीची कक्षा सोडली आणि पुढे जवळजवळ तीनशे दिवस त्याचे मुख्य इंजिन निजून होते. ते पुन्हा पेटते की नाही याची चाचणी २२ सप्टेंबरला अवघी चार सेकंद घेतली. चोवीस तारखेच्या सकाळी ते सुमारे चोवीस मिनिटे पेटविले आणि यानाची गती कमी करून त्याला मंगळाच्या ओढीत सोडले. त्या वेळी यान सुमारे बावीस कोटी किलोमीटर दूर होते. येथून गेलेला संदेश तेथे पोहोचावयास बारा मिनिटे लागत. म्हणजे ऐन वेळी काही चुकले असते तरी येथील कोणाचाही हात तेथे पोहोचणार नव्हता. सारे हुकूम आधीच भरून ठेवलेले. नवस नाही, उतारा नाही, फक्त गणित. सहा महिने चालावे म्हणून बांधलेले ते यान जवळजवळ आठ वर्षे चालले. २०२२ साली त्याचा संपर्क तुटला. या कामगिरीच्या जबाबदारीच्या जागांवर ऋतु करिधाल यांच्यासारख्या स्त्री शास्त्रज्ञ होत्या, हे सावित्रीबाईंचे नाव घेणाऱ्यांनी विसरू नये.

तरीही एक गोष्ट सांगितल्याखेरीज आम्हांस राहवत नाही. अवकाशात यान सोडण्यापूर्वी त्याची प्रतिकृती तिरुपतीच्या देवळात नेण्याचा आमच्या शास्त्रज्ञांचा प्रघात जगजाहीर आहे. श्रद्धा ज्याची त्याची. त्यावर आम्ही काठी उगारीत नाही. पण ज्यांनी बावीस कोटी किलोमीटरांवरचे गणित चुकविले नाही त्यांनाच जर गणितावर टेकू लागत असेल, तर खेड्यातल्या अडाणी माउलीला आम्ही कोणत्या तोंडाने हसावे? आणि ज्या पुण्यात सत्यशोधक समाज निघाला त्याच पुण्यात, यान उडण्याच्या अडीच महिने आधी, २० ऑगस्ट २०१३ रोजी, डॉ. नरेंद्र दाभोलकर यांना सकाळच्या फेरीत गोळ्या घालून ठार मारले गेले, हेही त्याच वर्षाच्या कॅलेंडरात आहे. प्रश्न विचारणे आजही स्वस्त झालेले नाही.

आता हे सारे कोठे येऊन ठेपते, ते सांगतो. आमच्या ओळखीचे एक गृहस्थ आहेत. घरात दर्शनी भिंतीला जोतीरावांची तसबीर. कोणतीही सभा असो, आबा पहिल्या रांगेत. त्यांची मुलगी शिकलेली, कमावती, घरकामात चोख. तीन वर्षे तिचे लग्न अडले होते. कारण विचारता आबा खाली मान घालून म्हणाले, "संपादकसाहेब, माझा या गोष्टींवर विश्वास नाही. पण पोरीला मंगळ आहे आणि पाहुण्यांचा विश्वास आहे." मग आम्ही पाहुण्यांस गाठले. ते म्हणाले, "आमचाही तसा विश्वास नाही हो, पण आमच्या आईचा आहे." आईला विचारण्याची सोय नव्हती, नाही तर त्या म्हाताऱ्या बाईने बहुधा शेजारणीचे नाव सांगितले असते! विश्वास कोणाचाच नाही, आणि पोर मात्र घरात बसून. शेवटी कोणी शांती सुचविली, तिचा खर्च झाला, मंगळ शांत झाला. ज्या ग्रहापर्यंत जावयास देशाला ४५० कोटी लागले, तो जोशीबुवांनी काही हजारांत खाली उतरवून दिला!

या मंगळाचे शास्त्र तरी काय? पत्रिकेची घरे बारा. त्यांपैकी पहिल्या, चौथ्या, सातव्या, आठव्या किंवा बाराव्या घरात मंगळ असला की मंगळदोष. बारांतली पाच घरे. म्हणजे सरासरीने बारा माणसांत पाच माणसे मंगळाची. आमच्या वाचकांनी आपल्या भावकीतली बारा जोडपी मोजावीत. हा दोष खरा असता तर गावोगाव निम्म्याहून अधिक घरांत अकाली रांडपण किंवा विधुरपण दिसते. तसे ते दिसते काय? ज्या लाखो घरांत कधी पत्रिका मांडलीच गेली नाही, त्या घरांतले संसार मोडून पडले काय? दिसते ते एवढेच की दोष ग्रहाचा, भुर्दंड बापाचा आणि डाग पोरीच्या कपाळी. मुलाला मंगळ असला तर तो लपतो. मुलीला असला तर तो मिरवतो. यात ग्रहाचा संबंध नाही. हा कावा जुनाच आहे, १८५५ सालच्या नाटकातला. फक्त आता पत्रिका संगणकावर निघते आणि दक्षिणा मोबाइलवरून जाते.

तात्पर्य, चोवीस सप्टेंबरच्या चारही गोष्टी आमच्या दारात येऊन एकच प्रश्न विचारतात : तुम्ही आमची आठवण ठेवता, की फक्त तसबीर ठेवता? सभेत जोतीबांचा जयजयकार आणि मांडवात पंचांग. भाषणात समता आणि पाणवठ्यावर सोवळे. निवडणुकीत राखीव जागेचा उमेदवार आपल्या मुठीतला हवा आणि वर्तमानपत्रात लोकशाही. हातात मंगळयानाचे चित्र आणि खिशात मंगळाच्या शांतीची पावती. ही दुटप्पी वागणूक आता पुरे झाली.

म्हणून आमची वाचकांस विनंती अशी. येत्या चोवीस सप्टेंबरला हार, फलक, मिरवणूक यांचा खर्च करू नका. तीन कामे करा. ज्या घरी लग्नाचे पोर आहे त्या घरच्या वडीलधाऱ्यांनी त्या दिवशी सर्वांसमक्ष बोलून टाकावे की, या घरची सोयरीक पत्रिकेवाचून होईल. आणि विशेषेकरून मुलाच्या बापाने हे आधी बोलावे, कारण मुलीच्या बापाला बोलण्याची मोकळीक तोच देऊ शकतो. दुसरे, गावच्या तरुणांनी आपला पाणवठा, आपले देऊळ, आपली स्मशानभूमी यांची फेरी मारावी आणि १९३२ सालच्या वचनांपैकी कोणते आपल्या गावात अजून पाळावयाचे राहिले आहे ते कागदावर लिहून ग्रामसभेत ठेवावे. तिसरे, मास्तरांनी आणि बाईंनी शाळेत फळ्यावर ही चार साले लिहावीत, मंगळयानाचे गणित मुलांच्या वयाला झेपेल तेवढे समजावून द्यावे, आणि मुलांनी प्रश्न विचारले तर गप्प बसवू नये.

कोणी विचारील, त्या दिवशी तिथी कोणती आहे? आम्ही मुद्दाम पाहिलेली नाही. असेल ती असो. कामाला लागणाऱ्या माणसांपुढे ती आजवर चार वेळा निमूटपणे बाजूला झाली आहे, पाचव्यांदाही होईल.